लांकडाला काय लावावें ?

एकत्र कुटुंबांत मालकीचे वाद पुष्कळ होतात. पण निगेचे वाद त्याहून अधिक होतात, असा माझा अनुभव आहे. झोपाळा कोणाचा, हें कोणी विचारीत नाहीं. तो सर्वांचा असतो. परंतु त्यास तेल द्यावयाचें कीं रोगण, कोणत्या महिन्यांत द्यावयाचें, आणि तें वाळेपर्यंत घरांतील बाराचौदा माणसांनीं बसावयाचें कोठें, हे प्रश्न निघाले कीं प्रत्येकास मत असतें. पाळणा, पाट, चौरंग, देव्हारा, दारें, कपाटें, जिना आणि माडीच्या तुळया मिळून मध्यम स्थितीच्या घरांतहि लांकडाचा केवढा तरी संसार असतो. तो आपल्या हातून पुढच्या पिढीच्या हातीं धडपणें जावा, अशी इच्छा कोणत्या गृहिणीस नसते? प्रस्तुत लेखाचा विषय असा घरगुती आहे. त्यांत थोडें रसायनशास्त्र येईल. पण मीं सव्वीस वर्षें शाळेंत विज्ञान शिकविलें असल्यामुळें तेवढी खोड वाचकांनीं सोसून घ्यावी.

माझें माहेर साताऱ्याचें आणि सासर सांगलीचें. दोन्ही गांवें कृष्णेच्या खोऱ्यांतलीं, पण लांकडाच्या दृष्टीनें त्यांचे स्वभाव निराळे. साताऱ्यास पावसाळ्यांत अजिंक्यताऱ्यावरून उतरलेलें धुकें माजघरापर्यंत येतें आणि आश्विन लागला तरी भिंतींचा गारवा जात नाहीं. सांगलीस पाऊस बेताचा आणि ऊन कडक. मात्र नदी केव्हां दारांत येऊन उभी राहील याचा नेम नाहीं.

माहेरीं नवरात्राच्या आधीं आठ दिवस वडील जवसाच्या तेलाचा डबा काढीत. आम्ही त्यांस भाऊ म्हणत असूं. तेलांत थोडें टर्पेंटाइन घालून, जुन्या धोतराच्या बोळ्यानें ते खांब, चौकटी आणि झोपाळ्याची फळी पुसून काढीत. मग आठवडाभर घरांत एकच वाक्य ऐकूं येई: “अरे, हात लावूं नका!” खांबास टेकणाऱ्या पाहुण्याच्या सदऱ्यावर पाठीचा ठसा उमटे, झोपाळ्यावर वर्तमानपत्र अंथरावें तर तें फळीसच चिकटे, आणि आईचें डोकें त्या वासानें दुखे. देव्हाऱ्यास तर घरांतलें गोडेतेलच लावीत. त्यावर वर्षभर उदबत्तीची काजळी बसून तो काळवंडे. पण न्यायाची गोष्ट अशी कीं, तेल प्यालेल्या सागवानावर जो खोल, उबदार रंग चढे तो पाहून या सर्व त्रासाचें विस्मरण होई. जुन्या पद्धतीचा दोष सांगतांना तिचा हा गुण झांकून ठेवणें योग्य नव्हे.

आपण वार्निशास मराठींत रोगण म्हणतों. हा शब्द फारसींतून आला आणि तेथें त्याचा अर्थ तेल असाच आहे. म्हणजे तेल आणि रोगण हा भेद आपण मागाहून केला. मुळांत जें तेल वाळतें तेंच रोगण. सर्वच तेलें कांहीं वाळत नाहींत. शंभर ग्रॅम तेल किती ग्रॅम आयोडिन शोषून घेतें, यावरून तें वाळण्याजोगें आहे कीं नाहीं हें समजतें. खोबरेलाचा हा अंक आठदहाच्या आसपास, शेंगदाण्याच्या तेलाचा नव्वद ते शंभर, करडईचा १४० च्या सुमारास, आणि जवसाचा १७० हून अधिक. साधारणपणें १३० च्या वरचें तेल हवेंत घट्ट होतें. त्याच्या बरेंच खालचें तेल वर्षभर ठेवलें तरी चिकटच राहतें. माझ्या आईचा देव्हारा कां काळवंडे याचें उत्तर या अंकांत आहे. आपल्याकडे शाळूच्या शेताभोंवतीं गुरें आंत येऊं नयेत म्हणून काटेरी करडई लावण्याची चाल होती; त्या कुंपणाचें तेल देव्हाऱ्यास लावलें असतें तर भुईमुगाच्या तेलाहून तें पुष्कळ बरें ठरलें असतें.

आतां वाळणें म्हणजे काय, तें पाहूं. ओलें धोतर वाळतें तें त्यांतलें पाणी उडून जातें म्हणून. जवसाचें तेल तसें वाळत नाहीं; त्यांतून कांहीं उडून जाण्याऐवजीं हवेंतील प्राणवायु त्यांत शिरतो, आणि त्याचे कण एकमेकांस बांधले जाऊन त्याचा पापुद्रा होतो. वाळतांना त्याचें वजन प्रथम वाढतें, हें ऐकून वर्गांतील मुलांस नेहमीं नवल वाटे. ही क्रिया संथ असते. थंड, दमट हवेंत ती अधिकच रेंगाळते. म्हणजे साताऱ्यास नवरात्राच्या तोंडावर तेल देणें हें अगदीं गैरसोयीच्या मुहूर्तावर देणें होय. त्यांत सागवानाच्या अंगीं स्वतःचींच अशीं द्रव्यें असतात कीं, जीं त्यास वाळवीपासून राखतात, पण वरून दिलेल्या तेलास वाळूं देत नाहींत.

या क्रियेंत उष्णता उत्पन्न होते, ही गोष्ट पुष्कळांस ठाऊक नसते. फळीवरच्या पातळ थरांतली उष्णता हवेंत निघून जाते. पण तेलाचे बोळे एके ठिकाणीं चुरगळून टाकले तर ती आंतल्या आंत कोंडते, आणि कोणी काडी न लावतां ते आपोआप पेटूं शकतात. जवसाच्या तेलानें भिजलेलीं फडकीं कोपऱ्यांत टाकून झोपीं जाणें म्हणजे घरांत निखारा ठेवून झोपीं जाणें होय. तीं बाहेर एकेक पसरून वाळवावींत किंवा पाण्याच्या बादलींत बुडवून ठेवावींत.

तेल लवकर वाळावें म्हणून पूर्वीं तें मुरदाडशिंग घालून कढवीत. मुरदाडशिंग म्हणजे शिशाचें भस्म. आणि अस्सल शेंदूर हाहि शिशाचाच. समर्थांनीं स्थापन केलेल्या अकरा मारुतींपैकीं चाफळ, मसूर, उंब्रज हे साताऱ्याकडचे आणि शिराळें, बहें हे सांगलीकडचे. यांतल्या एखाद्यास जो कोणी गेला असेल त्यानें तेल आणि शेंदूर यांचें दगडासारखें कठीण झालेलें कवच देवळादेवळांतून पाहिलेंच असेल. तेल घट्ट होण्यास शिसें मदत करतें, हें तत्त्व पुजारी न शिकतां जाणत होते असें म्हणावयास हरकत नाहीं. परंतु देवाच्या अंगीं जें शोभतें तें मुलाच्या पाळण्यास चालत नाहीं. शिसें पोटांत गेलें असतां लहान मुलांच्या मेंदूस कायमची इजा होते, आणि मुलें तर कठड्यास दांत लावणारच. आपल्या देशांत घरगुती रंगांत शिशाचें प्रमाण दहा लक्ष भागांत ९० भागांहून अधिक नसावें असा नियम २०१६ सालीं झाला आणि नोव्हेंबर २०१७ पासून तो अंमलांत आला. त्यापूर्वींचा रंगविलेला पाळणा घरांत असेल तर तो कोरडा घांसून त्याची धूळ घरभर करूं नये. आतांच्या कढविलेल्या तेलांत शिशाऐवजीं बहुधा कोबाल्ट, मँगॅनीज यांचे क्षार असतात. तेंहि तेल पाटाला किंवा पोळपाटाला लावण्याचें नव्हे.

हें सर्व मला पुस्तकावरून ठाऊक होतें. त्याचा विचार गंभीरपणें करण्याची वेळ आणली ती कृष्णामाईनें.

२०१९ च्या ऑगस्टांत सांगलीस जो पूर आला तो विसरणें शक्य नाहीं. १९२९ सालीं खुला झालेल्या आयर्विन पुलाजवळ धोक्याची खूण ४५ फुटांवर आहे. त्या वेळीं पाणी ५७ फुटांच्या वर गेलें. आमच्या ओसरींत आणि माजघरांत कमरेइतकें पाणी कित्येक दिवस राहिलें. आम्ही सर्व मिरजेस नातलगांकडे होतों. परत आल्यावर पाहतों तों झोपाळ्याची फळी गाळांत पालथी पडलेली, दोन कपाटें फुगून त्यांचीं दारें जाम झालेलीं, आणि सासूबाईंच्या लग्नांतला लहानसा सागवानी देव्हारा चिखलानें भरलेला. सासूबाईंस घरांत सर्व माई म्हणतात. त्या तेव्हां ८० वर्षांच्या होत्या. त्यांनीं देव्हाऱ्यांतला गाळ स्वतःच्या हातानें काढला आणि इतकेंच म्हणाल्या, “टाकूं नका, एवढा वाळूं द्या.”

ओलें लांकूड वाळविणें हें घाईचें काम नव्हे. उन्हांत टाकलें तर तें तडकतें. आम्ही सगळें सामान माडीवर, सावलींत, खालीं विटा देऊन ठेवलें. तें खरोखर वाळलें कीं नाहीं हें डोळ्यांस कळत नाहीं. म्हणून मीं कपाटाचा एक खण दर पंधरवड्यास तराजूवर घालून त्याचें वजन भिंतीवर लिहीत असें. वजन उतरावयाचें थांबलें म्हणजे आंतला ओलावा हवेच्या ओलाव्याशीं जुळला असें समजावें. तें थांबतें न थांबतें तोंच मार्च २०२० ची टाळेबंदी आली, आणि काम आपोआपच २०२१ च्या जानेवारीपर्यंत लांबलें. लांकडाच्या दृष्टीनें तें पथ्यावरच पडलें.

काम निघालें तसे पक्षहि पडले. माझे थोरले दीर अण्णा हे तेलाच्या बाजूचे. “घराण्यांत चार पिढ्या तेल चाललें, लांकडास श्वास घ्यावयास हवा,” हें त्यांचें म्हणणें. पुतण्या पुण्यास नोकरी करणारा. त्यास मेलामाइनचा कांचेसारखा तुकतुकीत हात हवा होता. “काका, अर्ध्या तासांत वाळतें, तेलाचे आठ दिवस कोण मोजीत बसणार?” पॉलिश करणारे मिस्त्रीहि पुतण्याच्या बाजूचे निघाले, आणि एका दुपारीं त्यांनीं नमुना म्हणून माजघरांतल्या कपाटाच्या एका दारास तो हात दिला. दार अर्ध्या तासांत वाळलें हें खरें. पण थिनरचा उग्र दर्प रात्रींहि घरांत भरून राहिला होता. माईंस पुष्कळ वर्षांचा दमा. मध्यरात्रीं त्यांस जी उबळ लागली ती थांबेना. ते दिवस करोनाचे; रुग्णालयाचें नांव काढावयासहि धीर होत नव्हता. वाफ घेण्याचें यंत्र लावून, खिडक्या सताड उघडून, जाऊबाई आणि मी पहाटेपर्यंत त्यांच्या उशापायथ्याशीं बसलों. सकाळीं अण्णांनीं काम बंद करविलें. पुतण्याचा चेहरा पाहवत नव्हता. माईंनींच त्यास जवळ घेतलें.

लवकर वाळणारें आणि स्वच्छ हे दोन गुण आपण एका दमांत उच्चारतों, जणु तीं जुळीं भावंडें आहेत. तीं तशीं नाहींत, हें त्या रात्रीं घरांतील सर्वांस कळलें. नायट्रोसेल्युलोजचें लॅकर आणि मेलामाइन हीं झटपट वाळतात. पण त्यांतला पातळ द्रव जो उडून जातो तो आपल्याच श्वासांत उतरतो. मेलामाइन घट्ट होतांना त्यांतून फॉर्माल्डिहाइडहि सुटतें, आणि जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोगविषयक संस्थेनें २००४ सालीं तें माणसास कर्करोग करणाऱ्या द्रव्यांत घातलें आहे. उलट, तेल निसर्गाचें म्हणून निर्दोष असेंहि नाहीं. जवसाचें तेल वाळतांना जो वास येतो तोहि वायुरूप द्रव्यांचाच. आणि दुकानांत टर्पेंटाइन म्हणून जें मिळतें तें पुष्कळदां चिडाच्या राळेचें नसून खनिज तेलापासून काढलेलें असतें. तेव्हां जुनें म्हणजे सात्विक आणि नवें म्हणजे विषारी, किंवा याच्या उलट, असा सोपा निवाडा करतां येत नाहीं. दोन प्रश्न वेगवेगळे विचारावे लागतात: किती वेळांत वाळतें, आणि वाळतांना घरांत काय सोडतें?

या दोन्ही प्रश्नांचें बरें उत्तर देणारा एक प्रकार आतां बाजारांत मिळतो. त्यास पाण्याचें पॉलिश म्हणतात. त्यांत ॲक्रिलिक किंवा पॉलियुरेथेन यांचे अतिशय बारीक कण पाण्यांत तरंगत असतात. डब्यांत तें दुधासारखें पांढरें दिसतें. पाणी उडून गेलें कीं कण एकमेकांस बिलगून स्वच्छ पारदर्शक थर होतो. उडून जाणारा मुख्य भाग पाणीच असल्यामुळें दर्प फार थोडा. अर्ध्या एक तासांत हातास लागेनासें होतें आणि दोनचार तासांनीं दुसरा हात देतां येतो. ब्रश साध्या पाण्यानें धुतां येतो, आणि फडकीं पेटण्याचें भय नाहीं.

पण अण्णांस असें पुस्तकी सांगणें पटणारें नव्हे, आणि तें योग्यच. म्हणून मोडक्या कपाटाच्या सागवानी फळीचे चार तुकडे करून आम्ही मागल्या अंगणांत परीक्षा मांडली. एकास कच्चें जवसाचें तेल, एकास मिस्त्रींनीं दूर नेऊन केलेलें मेलामाइन, एकास स्पिरिटांत विरघळविलेली चपडा लाख, आणि एकास पाण्याचें पॉलिश. परीक्षक अण्णा. पांचव्या दिवशींहि तेलाची फळी बोटास चिकटत होती. मग अण्णांनीं उरलेल्या तिघींवर चहाचा कढत पेला ठेवला, पाण्याचे थेंब टाकले, आणि सांगली ही हळदीची पेठ असल्यामुळें ओल्या हळदीचें एकेक बोट ओढलें. लाखेवर पेल्याचें पांढरें कडें उठलें. मेलामाइन आणि पाण्याचें पॉलिश यांवर कांहींच उठलें नाहीं, आणि हळदहि पुसली गेली. एवढें होऊनहि अण्णा पाण्याच्या पॉलिशाच्या फळीकडे पाहून म्हणाले, “टिकेल खरें, पण हें लांकूड आजारी दिसतें.” त्यांचें म्हणणें खोटें नव्हतें. त्या थराखालीं सागवानाचा रंग फिका आणि निर्जीव दिसत होता. तेलाच्या फळीशेजारीं ती ठेवली म्हणजे दृष्ट लागण्यासारखी कोणती, हें सांगावयास नको होतें.

यावर तोड मिळाली ती मिरजेंत. सांगलीहून तासाच्या आंत पोहोंचतां येईल असें तें गांव; तेथें १८५० च्या सुमारास फरीदसाहेब सतारमेकर यांनीं तंतुवाद्यें बनविण्यास आरंभ केला, आणि अब्दुल करीम खांसाहेबांसारख्या गवयांच्या वास्तव्यामुळें त्या कलेस मोठा आश्रय लाभला. मिरजेच्या सतारीस आणि तानपुऱ्यास २०२४ सालीं भौगोलिक मानांकनहि मिळालें. पंढरपूर, मंगळवेढ्याकडचा भोपळा आणि तुणीचें लांकूड यांच्या त्या नाजुक देहास तेल लावीत नाहींत, लाख लावतात. स्पिरिटांतली लाख कापसाच्या बोळ्यानें गोल गोल फिरवीत अनेक पातळ हात देतात; एक हात कांहीं मिनिटांत वाळतो. लाख ही पळस, कुसुंब, बोर अशा झाडांवर राहणाऱ्या किड्यांची देणगी. औषधांच्या गोळ्यांवर आणि मिठाईवरहि तिचा मुलामा देतात, इतकी ती निरुपद्रवी. तिच्या अभ्यासासाठीं रांचीजवळ नामकुम येथें १९२४ सालीं संशोधनसंस्था स्थापन झाली. तिचें नांव आतां बदललें असलें तरी काम चालू आहे. सावंतवाडीचे चितारी तर लाख कातावर फिरणाऱ्या लांकडास नुसती टेंकवितात. घर्षणाच्या उष्णतेनें ती वितळून बसते आणि वाळण्याचा प्रश्नच उद्भवत नाहीं. तेव्हां झटपट वाळणारें आणि स्वच्छ असें लेपन परक्यांनीं आपल्यास शिकविलें असें समजूं नये. तें आपल्या मुलखांत होतेंच. फक्त पाणी आणि आंच हे त्याचे शत्रु.

मिरजेहून परत येतांना विचार आला कीं, लाखेचा पातळ हात आधीं देऊन त्यावर पाण्याचें पॉलिश दिलें तर? लाखेचा एक मोठा गुण असा कीं, ती तेलकट लांकडासहि धरून बसते आणि तिच्यावर दुसरा लेपहि धरून बसतो. एकत्र कुटुंबांत दोन्ही पक्षांस मान्य असलेली एखादी वडील बाई असते, तशी ती. मात्र तिच्यांतलें मेण काढावें लागतें, नाहींतर पाण्याचें पॉलिश तिच्यावर सुटें राहतें. लाखेचें स्पिरिट बाटलींत चारसहा दिवस न हलवितां ठेवलें कीं मेण तळाशीं बसतें; वरचें निवळ ओतून घ्यावें. तसा एक हात चौथ्या फळीवर घांसून दिला, वर पाण्याचें पॉलिश दिलें, आणि फळीस मधासारखा रंग आला. अण्णांनीं ती उन्हांत धरून पुष्कळ वेळ पाहिली आणि म्हणाले, “हिला आतां ताप नाहीं.”

याप्रमाणें निकाल झाला. झोपाळा, कपाटें आणि जेवणाचे पाट यांस खालीं लाख आणि वर पाण्याचे तीन हात. देव्हाऱ्यास नुसती लाख. तो पाण्यानें धुतला जात नाहीं, आणि समई थोडी दूर ठेवली म्हणजे झालें. दिंडीदरवाजास मात्र तेलच, कारण तेथें अण्णांची बाजू खरी होती. ऊन आणि पाऊस यांच्या तोंडीं असलेल्या दारावर घरांतलें पाण्याचें पॉलिश कालांतरानें पोपडे धरतें, आणि धरलें म्हणजे सबंध खरवडून काढावें लागतें. तेलाची जागा विटली तर तेवढ्याच जागीं बोळा फिरवून काम भागतें. औंधच्या संग्रहालयांतील तैलचित्रें ज्यांनीं पाहिलीं असतील त्यांस सांगावयास नको कीं, जवसाचें तेल हें नीच द्रव्य नव्हे. त्याची जागा आणि त्याचा वेळ त्यास मिळाला पाहिजे. वाईजवळ मेणवलीस नाना फडणविसांच्या वाड्याचें लांकूड दोनशें वर्षांहून अधिक काळ उभें आहे, तें कांहीं एखाद्या लेपामुळें नव्हे. चांगला सागवान आणि गळूं न दिलेलें छप्पर यांमुळें. लेप हा दागिना आणि थोडासा पदर. खरें संरक्षण छपराचें.

ज्या दिवशीं लाखेचें काम झालें त्या दिवशीं माईंस नणंदेकडे धाडलें होतें, कारण स्पिरिटहि श्वासास बरें नव्हे. पण तें कांहीं तासांत उडून जातें. पाण्याच्या पॉलिशाचे तिन्ही हात त्या घरांत असतांना दिले गेले. तिसऱ्या दिवशीं संध्याकाळीं माई झोपाळ्यावर बसून वाती वळीत होत्या, आणि रात्रीं स्वस्थ झोंपल्या. आमच्या घरापुरता वाद तेथें मिटला.

कोणास हें काम घरीं करवून घ्यावयाचें असल्यास दोनचार गोष्टी सांगतें. जुन्या तेलाच्या किंवा मेणाच्या थरावर पाण्याचें पॉलिश धरत नाहीं. तो थर घांसून, स्पिरिटाच्या फडक्यानें पुसून काढावा. पाणी लागतांच लांकडाचे तंतु उभे राहतात आणि हात फिरविला तर लव लागते. म्हणून पहिला हात वाळल्यावर बारीक कागदानें हलकेच घांसून मग दुसरा द्यावा. भर पावसांत काम काढूं नये. एका तासांत वाळलें म्हणजे पक्कें झालें असें मात्र समजूं नये. पूर्ण घट्ट होण्यास दोनतीन आठवडे लागतात, आणि तोंवर जड भांडें ठेवूं नये किंवा ओल्या फडक्यानें पुसूं नये. हें पॉलिश महाग पडतें आणि हातहि अधिक द्यावे लागतात. शिवाय तें शेवटीं एक प्रकारचें प्लास्टिकच आहे. उरलेलें मोरींत ओतलें तर तें नदीसच जाऊन मिळणार. उघड्या पत्र्यावर वाळवून, घट्ट झाल्यावर कचऱ्यांत द्यावें. ज्या नदीनें आपलें लांकूड बिघडविलें तिला आपण बिघडवूं नये.

२०२१ च्या जुलैंत आयर्विन पुलाजवळ पाणी पुन्हा ५० फुटांच्या पुढें गेलें. या वेळीं आम्ही झोपाळ्याची फळी आणि देव्हारा आधींच माडीवर चढविला होता. कोणतेंहि पॉलिश पुराशीं लढूं शकत नाहीं. तेथें दोन माणसांचे हात आणि वेळेवर आलेली अक्कल एवढेंच उपयोगीं पडतें.

अण्णा अजून दर वर्षीं दसऱ्यानंतर, हवा कोरडी झाली म्हणजे, दिंडीदरवाजास तेल देतात. पुतण्या सुट्टी काढून येतो आणि शिडी धरतो. तेलाचे बोळे काम संपतांच पाण्याच्या बादलींत जातात, ही नवी रीत मात्र आतां त्या जुन्या कामांत भिनून गेली आहे. ती कोणी शिकविली हेंहि घरांत फारसें कोणाच्या लक्षांत नाहीं.